संमती कोणाची?

पणती मातीची असते आणि माती भाजल्यावाचून पणती होत नाही, ही साधी गोष्ट दिवाळीच्या चार दिवसांत आपल्या ध्यानात नसते. अंगणात ओळीने पणत्या लागल्या म्हणजे आपण उजेडाकडे पाहतो. त्या पणतीने आपल्या वाट्याचा धूर कुठल्या तरी आव्यात आधीच सोडलेला असतो. तो कोणाच्या दारात गेला हे विचारण्याचा तो दिवसही नव्हे. पणतीचे असे, मग ज्या ओट्यावर आपण ती ठेवतो त्या ओट्याच्या विटांची गोष्ट काय सांगावी!

आमच्या वाशिम जिल्ह्यात दिवाळी सरली, सोयाबीनची पोती बाजारात गेली, की नदीनाल्यांच्या काठाने विटा थापण्याचा हंगाम सुरू होतो, तो मृगाच्या तोंडाशी संपतो. कच्च्या विटा रचावयाच्या, त्यांच्या पोटात कोळशाची चुरी, लाकूड, तुराट्या, पऱ्हाट्या भरावयाच्या, बाहेरून माती लिंपावयाची आणि पेटवून द्यावयाचे. मग तो ढीग कित्येक दिवस धुमसत राहतो. धुराड्याचे नाव नाही. वारा ज्या अंगाला वाहील त्या अंगाला धूर जातो. त्या अंगाला कोणाची तूर उभी असते, कोणाचा हरभरा घाट्यावर आलेला असतो, मंगरूळपीर-कारंजाकडे कोणाची संत्र्याची बाग असते, आणि कोणाच्या घरी दम्याची म्हातारी असते.

अशा भट्टीला सरकारी कागद लागतो हे पुष्कळांना ठाऊक नसते; ज्यांना ठाऊक असते ते सगळेच तो काढतात असेही नाही. मग एखाद्या दिवशी कोणी तक्रार करतो, गाडी येते, पंचनामा होतो, भट्टी विझवली जाते. त्या संध्याकाळी पारावर दोन तट पडतात. एक म्हणतो, गरिबाच्या पोटावर पाय आला. दुसरा म्हणतो, कायदा तो कायदा. दोघेही आपापल्या जागी शहाणे आणि दोघांचेही म्हणणे अर्धे. फराळाच्या ताटात हा विषय थोडा कडू लागेल खरा. पण ज्या भिंतींच्या आत आपण दिवाळी साजरी करतो त्या भिंतींचाच हा विषय असल्यामुळे वाचक तेवढा कडूपणा चालवून घेतील, अशी उमेद आहे.

बिनकागदाच्या धंद्याच्या बाजूने साधारणपणे चार गोष्टी बोलल्या जातात. त्या एकेक करून पाहू.

पहिली गोष्ट पोटाची. ती खोटी नाही. परंतु पोट एकट्या भट्टीवाल्यालाच असते काय? ज्याच्या तुरीच्या फुलोऱ्यावर राख बसली त्यालाही ते आहे. फरक इतकाच, की भट्टीवाला साहेबापुढे हात जोडून उभा असतो म्हणून त्याचे पोट दिसते; शेजाऱ्याचे नुकसान थोडे थोडे, दर वर्षी, कोणाच्या नजरेत न भरता होते. हा वाद काही आजचा नव्हे. इंग्लंडात १६१० साली विल्यम ऑल्ड्रेड नावाच्या गृहस्थाने शेजाऱ्यावर फिर्याद केली होती. शेजाऱ्याने त्याच्या घराला लागूनच डुकरांचे खुराडे बांधले होते. बचाव असा करण्यात आला, की डुकरे पाळणे हे माणसाच्या पोटासाठी आवश्यक आहे आणि माणसाचे नाक इतके नाजूक असू नये. न्यायालयाने तो बचाव मानला नाही. आपल्याकडे १९८७ साली कानपूरच्या चामड्याच्या कारखान्यांचा खटला सर्वोच्च न्यायालयापुढे आला. ते कारखाने आपले सांडपाणी गंगेत सोडत. पाणी शुद्ध करण्याची यंत्रणा बसविण्याची ऐपत नाही, असे लहान कारखानदार म्हणाले. न्यायालयाने उत्तर दिले त्याचा आशय असा, की जो धंदा मजुराला किमान वेतन देऊ शकत नाही त्याला जसे चालू देता येत नाही, तसेच जो धंदा आपली घाण आवरू शकत नाही त्यालाही चालू देता येणार नाही. रोजगार जाईल, महसूल बुडेल, हे न्यायालयाला दिसत होते. तरी माणसांचे जीवित आणि आरोग्य त्याने वरच्या पायरीवर ठेवले.

दुसरी गोष्ट, धूर तो केवढा! एका भट्टीने काही आभाळ काळे होत नाही. हे खरेच आहे. परंतु प्रत्येक भट्टीवाला हेच म्हणू लागला म्हणजे आभाळ काळे होते आणि तरीही ते कोणीच केलेले नसते. म्हणूनच केंद्र सरकारने फेब्रुवारी २०२२ मध्ये वीटभट्ट्यांचे जे नियम काढले त्यांत नव्या दोन भट्ट्यांमध्ये एक किलोमीटर अंतर सांगितले, आणि वस्तीपासून व फळबागेपासून आठशे मीटर. नियम करणाराला एका भट्टीपेक्षा भट्ट्यांच्या रांगेची धास्ती होती, हे त्यावरून उघड आहे.

तिसरी गोष्ट सर्वांत जड आहे: मोठ्यांना सोडता आणि लहानांना धरता. याला चटकन उत्तर नाही, कारण अनुभव तिच्या बाजूने उभा राहतो. राजस्थानात उदयपूरजवळ बिछडी नावाचे गाव आहे. तेथे ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस रंगधंद्याला लागणारे एक तीव्र रसायन तयार करणारे कारखाने आवश्यक त्या संमतीशिवायच चालले. त्यांचा गाळ उघड्यावर पडला, तो पावसाने जमिनीत मुरला आणि गावच्या विहिरींच्या पाण्याचा रंग पालटला. ते पाणी माणसांच्या, गुरांच्या कामाचे राहिले नाही, शेतीच्याही राहिले नाही. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने, ज्याने घाण केली त्यानेच ती निस्तरण्याचा खर्च द्यावा, असा निकाल दिला. आणि त्या खर्चाचा आकडा सुमारे सदतीस कोटी अडतीस लाख रुपये ठरला. पुढे काय झाले? अर्जांवर अर्ज होत राहिले आणि २०११ साली त्याच न्यायालयाला ती रक्कम चक्रवाढ व्याजासह भरण्याचा हुकूम पुन्हा द्यावा लागला. पंधरा वर्षे! नाल्याकाठच्या भट्टीवाल्याला पंधरा दिवसही मिळत नाहीत. ज्याला वकील परवडतो त्याला काळही परवडतो.

तरी यातून काय सिद्ध होते? मोठ्याला सोडणे हा अन्याय आहे, एवढे. लहानाच्या धुरात खोकणाऱ्या माणसाने मोठा सापडेपर्यंत खोकत राहावे, हे त्यातून सिद्ध होत नाही. उलट बिछडीचे गावकरी आणि आमच्याकडच्या भट्टीशेजारचा शेतकरी हे एकाच बाजूचे लोक आहेत.

चौथी गोष्ट अशी, की कागदाने का धूर स्वच्छ होतो? हाही मुद्दा खोटा नाही. भोपाळचा कारखाना परवाना घेऊनच उभा होता. १९८४ च्या डिसेंबरातल्या त्या रात्री परवान्याने कोणालाही वाचविले नाही. मग कागदाचे महत्त्व ते काय? केवळ कागद नाही म्हणून एखाद्याची चूल विझवावी काय?

येथे थोडे थांबून एका शब्दाकडे पाहावे असे मला वाटते. मी शाळामास्तर आहे, शब्दाचा अर्थ फळ्यावर लिहून दाखविण्याची सवय हाडात मुरली आहे. जल प्रदूषणाचा कायदा १९७४ चा, वायू प्रदूषणाचा १९८१ चा. या दोन्ही कायद्यांखाली प्रदूषण नियंत्रण मंडळ धंदेवाल्याला जो कागद देते, त्याला आपण बोलण्यात परवाना म्हणतो. परंतु कायद्याचा शब्द परवाना नव्हे, तो ‘संमती’ आहे. धंदा उभारण्यापूर्वी एक संमती, चालविण्यापूर्वी दुसरी. मंडळ आपल्या राज्यात १९७० पासून आहे, आणि इतकी वर्षे हा शब्द कागदोपत्री वापरला जात असूनही, संमती कोणाची, असे कोणी विचारीत नाही.

हवा मंडळाच्या मालकीची नाही. नदीही नाही. मग जे आपले नाही त्याविषयी मंडळ संमती कशी देते? आपल्या खेड्यातला व्यवहार आठवा. सामाईक विहिरीवर कोणाला नवे इंजिन बसवावयाचे असले तर तो आधी भाऊबंदांना विचारतो. विचारल्यावर भांडणे होतात, पाळ्या ठरतात, कोणी अडून बसतो. पण विचारावे लागते. न विचारता इंजिन बसविले तर, पाणी कमी झाले नाही तरीसुद्धा, भाऊ रागावतो, आणि त्याचा राग रास्त असतो. त्याला पाण्याच्या आधी मान हवा असतो. हवा ही तशीच सामाईक विहीर आहे. तिचे भाऊबंद मात्र इतके, की प्रत्येकाच्या दारी जाऊन विचारणे शक्य नाही. आणि पाळण्यातल्या पोराला तर सही करता येत नाही. म्हणून आपण सगळ्यांच्या वतीने हो किंवा नाही म्हणणारा एक मध्यस्थ नेमला. मंडळाची संमती ही वास्तविक शेजाऱ्याची संमती आहे.

हा अर्थ एकदा पटला, की पारावरच्या दोन्ही तटांना थोडे थोडे सरकावे लागते. ज्याच्यापाशी कागद नाही त्याचा दोष कागद नसण्याचा नव्हे, त्याने विचारले नाही, हा आहे. माझा धूर थोडा आहे, असे तो म्हणतो. पण थोडा की फार हे ठरविण्याचा हक्क ज्याच्या छातीत धूर जातो त्याचा असतो. त्याचबरोबर, ज्या अधिकाऱ्याने जागा न पाहता, खुर्चीत बसून संमतीच्या कागदावर सही केली, त्यानेही शेजाऱ्याची खोटी सही केली असेच म्हणावे लागेल. बिनपरवान्याची भट्टी आणि न पाहता दिलेला परवाना या एकाच जातीच्या गोष्टी आहेत. पहिलीचा पंचनामा होतो, दुसरीचा होत नाही. ‘मोठ्यांना सोडता’ या तक्रारीचे मूळ येथे आहे.

आता शिक्षेचा प्रश्न. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात रस्त्यावर केर टाकणाराला पणाचा आठवा हिस्सा दंड सांगितला आहे. चिखलपाण्याने रस्ता अडविणाराला पाव पण, राजमार्गावर तेच केले तर दुप्पट. तीर्थ, पाणवठा, देवालय अशा ठिकाणी घाण करणाराला त्याहून चढता दंड. पण पुढे तो म्हणतो, की हे औषधामुळे, व्याधीमुळे किंवा भयामुळे घडले असेल तर दंड नाही. इतका करडा राजनीतिज्ञ, परंतु लाचारी आणि माज यांतला फरक त्याने ओळखला होता. इंग्रजांनी १८६० च्या दंडसंहितेत हवा दूषित करणाराला पाचशे रुपयांपर्यंत दंड ठेवला. त्या काळी ती रक्कम लहान नव्हती. पण ती तशीच राहिली आणि २०२४ च्या जुलैत नवी संहिता आली तेव्हा कुठे हजार झाली. पर्यावरण कायद्यात आधी कैदेची शिक्षा होती. २०२३ च्या एका कायद्याने ती काढून दहा हजारांपासून पंधरा लाखांपर्यंत दंड ठेवला. कैद गेली याचे मला दुःख नाही. परंतु दंडाचा एक गुण असा, की श्रीमंताला तो शिक्षा वाटत नाही, दर वाटतो. दर भरला की माल आपला! उलट हातावर पोट असलेल्याला त्यातली सर्वांत खालची रक्कमही हंगाम बुडविणारी. तेव्हा दंड ठरविताना धूर किती, नफा किती आणि माणसाला माहीत असून त्याने केले की नकळत, हे तिन्ही पाहिले नाही तर कायदा समान राहून न्याय असमान होतो.

कायद्याच्या हातांची रचनाही पाहण्यासारखी आहे. न ऐकणाऱ्या कारखान्याची वीज आणि पाणी तोडण्याचा अधिकार मंडळाला आहे. गिरणीवर, कारखान्यावर हे हत्यार चालते. परंतु नाल्याकाठच्या भट्टीला तोडावयाची वीजच कुठे असते? तेव्हा तेथे पाण्याचा टँकर आणून आग विझवितात, नाही तर यंत्र आणून ढीग मोडतात. अर्धवट भाजलेली वीट पुन्हा मातीही होत नाही. म्हणजे ज्याच्यापाशी थोडे आहे त्याचे सगळे जाते. हे टाळावयाचे असेल तर कायद्याने भट्टी पेटण्याच्या आधी आले पाहिजे, नंतर नव्हे. हंगाम ठरलेला, जागा ठरलेल्या. दसऱ्याच्या सुमारास एक फेरी झाली तरी पुष्कळ पंचनामे वाचतील.

आणि येताना नुसता दंडाचा कागद घेऊन येऊ नये. २०२२ च्या नियमांनी भट्टीत टायर, प्लास्टिक, घातक कचरा जाळण्यास मनाई केली आणि विटा नागमोडी रचून धूर कमी करण्याची रीत सांगितली. ही रीत ज्याने बाप-आजोबांकडून भट्टी लावण्याची विद्या घेतली त्याला कोण शिकविणार? राजपत्र वाचून कोणी विटा रचीत नाही. शेजारच्या अकोला जिल्ह्यात पारसला औष्णिक वीजकेंद्र आहे. अशा केंद्रांच्या राखेच्या विटा होतात, त्यांना भाजावे लागत नाही, काळी सुपीक मातीही खणावी लागत नाही. २०१६ साली केंद्रीय मंडळाने धंद्यांचे लाल, नारिंगी, हिरवा आणि पांढरा असे चार वर्ग केले, तेव्हा मातीच्या वीटभट्ट्या नारिंगी वर्गात पडल्या आणि राखेच्या विटा पांढऱ्या वर्गात. या शेवटल्या वर्गाला संमतीची कटकटच ठेवली नाही. त्याच पांढऱ्या वर्गात, साच्यात ओतून उन्हात वाळविलेला शाळेचा खडूही बसला आहे, हे वाचून माझ्यातल्या मास्तरला बरे वाटले. सांगावयाचे हे, की कमी त्रासाच्या धंद्याला कमी त्रास, ही अक्कल कायद्याला आहे. ती भट्टीपर्यंत पोचली म्हणजे झाले.

मुंबईच्या भटारखान्यांच्या बाबतीत २०२५ च्या जानेवारीत उच्च न्यायालयाने असेच काहीसे केले. लाकूड-कोळशावर पाव भाजणाऱ्यांनी स्वच्छ इंधन वापरावे, त्यासाठी सहा महिने दिले. आणि नवी परवानगी स्वच्छ इंधनावरच मिळेल असे बजावले. सहा महिने पुरेसे की अपुरे हा वाद होऊ शकेल. पण जुन्याला मुदत आणि नव्याला अट, ही वाटणी मला न्यायाची वाटते. पोटाच्या सबबीवर माफी मिळू नये; मुदत मिळावी.

हे बोलणे सोपे, करणे कठीण, हे न्यायमूर्तींच्या मतभेदांवरूनही दिसते. मोठ्या प्रकल्पांना लागणारी पर्यावरण मंजुरी मागाहून देता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितले; तरी गुजरातेतील त्या तीन कारखान्यांना बंद न करता प्रत्येकी दहा कोटी रुपये भरावयास लावले. २०२२ साली हरियाणातील काही कारखान्यांविषयी बोलताना, शेकडो लोकांना पोसणारा धंदा केवळ आधी मंजुरी न घेतल्याच्या तांत्रिक चुकीसाठी बंद करू नये, असे म्हटले. २०२५ च्या मे महिन्यात मागाहूनच्या मंजुऱ्या साफ रद्द ठरविल्या, आणि त्याच वर्षी १८ नोव्हेंबरला दोन विरुद्ध एक मतांनी तो निकाल मागे घेतला. त्या पीठाचे प्रमुख आमच्याच विभागातील अमरावतीचे सरन्यायाधीश भूषण गवई होते; न्यायमूर्ती उज्ज्वल भुयां यांनी विरोधी मत लिहिले. उभे राहिलेले पाडल्याने राष्ट्राचे नुकसान होते, ही एक बाजू. आणि आधी करावे, मग विचारावे, ही सवय लागली तर विचारण्याला अर्थच उरत नाही, ही दुसरी. सामाईक विहिरीचा दाखला घेऊन मी स्वतः दुसऱ्या बाजूला झुकतो. ज्याला ठाऊक असते की मागाहून मिटविता येईल, तो आधी कशाला विचारील?

कागदाचा आणखी एक उपयोग आहे, तो फारसा कोणी बोलत नाही. भट्टीवर विटा थापणारी कुटुंबे उचल घेऊन येतात आणि हंगामभर तेथेच पाल ठोकून राहतात. दिवाळीची सुटी संपून शाळा उघडते तेव्हा हजेरीपटावर काही नावांपुढे रिकामे चौकोन सुरू होतात, ते पावसाळ्यापर्यंत. ठाणे-पालघरकडे अशा मुलांसाठी भट्टीवरच शाळा भरविल्या गेल्या, त्यांना भोंगाशाळा म्हणत. परंतु ज्या भट्टीची सरकारदप्तरी नोंदच नाही, तेथे शाळा कोण नेणार? मजुरीचा हिशेब कोण पाहणार? सगळ्यांत जास्त धूर ज्यांच्या छातीत जातो ती मुले तर बिनकागदाच्या भट्टीवर असून नसल्यासारखीच. कागद म्हणजे नुसता अंकुश नव्हे. आम्ही येथे आहो, अशी ती हजेरी आहे. भट्टीवाल्याने ती लावली तर मुलांची लागण्याचा मार्ग निघतो.

राहता राहिलो आपण, विटा घेणारे. घर बांधताना आपण वीट वाजवून पाहतो, भाव पाडतो, गाडीत किती फुटल्या ते मोजतो. ती कुठल्या भट्टीची आणि तेथे काय जाळतात, एवढे आणखी विचारले तर बिघडणार नाही. स्वस्त विटेतली जी काही बचत असते तिचा एक हिस्सा भट्टीशेजारच्या शेतकऱ्याच्या खिशातून आलेला असतो. आपली ग्रामपंचायत शाळेसाठी, सभामंडपासाठी हजारोंनी विटा घेते. तिने संमतीचा कागद दाखविणाऱ्याकडूनच त्या घेतल्या, तर साहेबांच्या गाडीपेक्षा त्याचा परिणाम अधिक होईल.

यंदा भाऊबीज झाली, पाहुणे आपापल्या गावी गेले, की नाल्याकाठी पुन्हा साचे निघतील. त्याच्या आधी एखादी ग्रामसभा व्हावी. भट्टीवाल्याने तेथे उठून सांगावे, की मी अमुक जागी भट्टी लावणार, अमुक जाळणार. मंडळाकडे अर्ज करावयाचा आहे, तुमचे काय म्हणणे? बांधाशेजारच्याने आपले म्हणणे मांडावे. भांडणे होतील, वाऱ्याच्या दिशेवरून वाद होईल, कोणी अडून बसेल. सामाईक विहिरीवर आपण हेच करीत आलो आहो, आणि त्या विहिरी आजही चालू आहेत.